फौजेत दिवाळीचा ‘डबल पगार’ असतो का?

ताई, तुमचा प्रश्न आधी थोडक्यात मांडतो, म्हणजे इतर घरांनाही या उत्तराचा उपयोग होईल. तुमचे मिस्टर पायदळात नाईक आहेत, नोकरीला बारा वर्षं झाली, सध्या अरुणाचलात आहेत. लागोपाठ तीन दिवाळ्या त्यांना सुट्टी मिळाली नाही. सासरे म्हणतात, सणाच्या दिवशी ड्यूटी केली की सरकार डबल पगार देतं, मग तो पैसा पोरगा घरी का पाठवत नाही? त्यावरून घरात कुरबूर सुरू झाली आहे. त्यात भुसावळला तुमच्या बहिणीकडे, तिचे मिस्टर रेल्वेत, दसऱ्याच्या आसपास सतरा-अठरा हजार बोनस येतो. तुम्हाला तीन गोष्टी हव्या आहेत: जवानाला बोनस असतो का, न घेतलेल्या सुट्टीचे पैसे मिळतात का, आणि धाकटा दीर अग्निवीर झाला आहे, त्याचा हिशोब काय.

मी चोवीस वर्षं फौजेत क्लार्क होतो. सुट्टीचं रजिस्टर आणि पार्ट टू ऑर्डर, म्हणजे जवानाची प्रत्येक नोंद पे ऑफिसला कळवणारा युनिटचा कागद, हीच माझी शेती. आता अमळनेर-पारोळ्याकडची माणसं पे-स्लिप घेऊन ओट्यावर येतात, जिभाऊ जिभाऊ करत चहा संपेपर्यंत बसतात, आणि दहातल्या सात जणांचा प्रश्न तुमच्यासारखाच असतो.

सासऱ्यांना आधी हे सांगा, म्हणजे पोरावरचा संशय मिटेल. फौजेत सणाच्या दिवसाचा वेगळा पगार नाही. दिवाळीला पहारा दिला म्हणून जास्त मिळत नाही, आणि दिवाळीला घरी सुट्टीवर असला म्हणून पगार कापलाही जात नाही. ओव्हरटाइम हा शब्दच आमच्या कागदांत नव्हता. जवान चोवीस तास ड्यूटीवर धरलेला असतो. पगार महिन्याचा, तासाचा नाही. या बांधलेपणाचा म्हणून एक वेगळा आकडा पगारात आहे, त्याला मिलिटरी सर्व्हिस पे म्हणतात. जवान ते सुभेदार मेजरपर्यंत सगळ्यांना सातव्या वेतन आयोगाने तो महिना ५,२०० रुपये ठरवला. होळी, पोळा, दिवाळी, २६ जानेवारी, सगळे त्यातच आले. स्लिपवर तो एमएसपी या नावाने दिसेल.

मग सासऱ्यांनी डबल पगार ऐकला कुठे? मला अंदाज आहे. वरणगाव आणि भुसावळच्या ऑर्डनन्स फॅक्टरीतला माणूसही आपल्याकडे ‘डिफेन्समध्ये आहे’ असंच सांगितला जातो. तो सिव्हिलियन कामगार. फॅक्टरी कायद्याखाली ठरलेल्या तासांपेक्षा जास्त काम केलं की त्याला दुप्पट दराने ओव्हरटाइम मिळतो. २०२१ च्या ऑक्टोबरात ऑर्डनन्स फॅक्टरी बोर्ड मोडून सात सरकारी कंपन्या झाल्या, त्यामुळे तिथला हिशोबही आता वेगळ्या वाटेने चालतो. पण पारावर बसलेल्या माणसाला हा फरक कोण सांगणार? डिफेन्स म्हटलं की डिफेन्स. तुमच्या सासऱ्यांच्या ओळखीत वरणगावचा एखादा रिटायर कामगार निघतो का बघा. नक्की निघेल.

दिवाळीला फौजेत मिळतं ते बडा खाना. पुरी, मटण किंवा पनीर, खीर, आणि साहेब लोक स्वतः वाढतात. एका दिवाळीत साडेबारा हजार फुटांवर आमच्या लंगरच्या, म्हणजे फौजी स्वयंपाकघराच्या, उस्तादाने भडगावच्या एका पोराच्या हट्टापायी शेवभाजी केली. शेव म्हणून पाकिटातली भुजिया, तिखट काश्मिरी, म्हणजे नुसता लाल रंग. पोरगा दोन घास खाऊन म्हणाला, ‘जिभाऊ, ना भाजी ना शेव.’ मग गप्प बसला. असल्या दिवसाचे पैसे कोणत्या खात्यातून काढणार?

आता बोनस. तो आहे, पण तुमच्या बहिणीकडचा वेगळा आणि तुमचा वेगळा. रेल्वेचा बोनस उत्पादकतेशी जोडलेला असतो. गेली काही वर्षं तो ७८ दिवसांचा आहे आणि जास्तीत जास्त १७,९५१ रुपये निघतो. उरलेल्या केंद्र सरकारी कर्मचाऱ्यांमध्ये क गटातले आणि राजपत्रित नसलेले ब गटातले जे लोक कुठल्याही उत्पादकता बोनसमध्ये बसत नाहीत, त्यांना ३० दिवसांचा तदर्थ बोनस असतो. तो हुकूम अर्थ मंत्रालय बहुधा दसरा-दिवाळीच्या तोंडावर काढतं, आणि केंद्रीय निमलष्करी दलं व सशस्त्र दलं यांतल्या पात्र कर्मचाऱ्यांनाही तो लागू आहे हे त्यात स्पष्ट लिहिलेलं असतं.

इथे सगळ्यांची फसगत होते. ‘तीस दिवसांचा बोनस’ ऐकून माणूस एक महिन्याचा पगार धरून बसतो आणि दुकानदाराला फ्रिज बाजूला काढायला सांगतो. हिशोबासाठी पगार कितीही असला तरी तो महिना ७,००० रुपयेच धरतात. ७,००० गुणिले ३० भागिले ३०.४, म्हणजे ६,९०७ रुपये ८९ पैसे, पुरे करून ६,९०८. शिपाई असो की हवालदार, आकडा हाच. त्यासाठी ३१ मार्चला नोकरीत असावं लागतं आणि त्या आर्थिक वर्षात किमान सहा महिने सलग नोकरी झालेली असावी लागते. सहा महिने भरले पण वर्ष भरलं नसेल तर त्या प्रमाणात मिळतो. ही रक्कम बहुतेक वेळा पगारातच मिसळून येते, वेगळा मेसेज येत नाही, म्हणून बायकोला दिसत नाही आणि नवऱ्यालाही आठवत नाही. ऑक्टोबर-नोव्हेंबरच्या स्लिपवर ती ओळ शोधायला सांगा.

दुसरी ‘दिवाळी भेट’ म्हणजे महागाई भत्ता. पेपरात दरवर्षी मथळा येतो, केंद्राची कर्मचाऱ्यांना दिवाळी भेट. भेट कसली, ते त्यांचंच असतं. महागाई भत्ता १ जानेवारी आणि १ जुलै अशा दोन तारखांपासून बदलतो, पण जाहीर व्हायला दोन-तीन महिने जातात; म्हणून एक वाढ होळीच्या सुमारास हाती पडते आणि दुसरी दिवाळीच्या. २०२५ चं घ्या. जुलैपासून भत्ता ५५ टक्क्यांवरून ५८ झाला, मंजुरी १ ऑक्टोबरला आली. तुमच्या मिस्टरांचं मूळ वेतन समजा ३२,३०० आहे. त्यात एमएसपीचे ५,२०० मिळवा, झाले ३७,५००. एमएसपीवरही महागाई भत्ता मिळतो, हे पुष्कळांना ठाऊक नसतं. ३७,५०० चे तीन टक्के म्हणजे महिन्याला १,१२५ रुपये. जुलै, ऑगस्ट, सप्टेंबर, तीन महिन्यांचा फरक ३,३७५. ही झाली भेट. कापसाच्या एका क्विंटलचेही पैसे होत नाहीत त्यात.

सणाआधी पगार झाला म्हणजे जास्तीचे पैसे आले, असंही काही घरांत धरून चालतात. २०२५ च्या गणपतीला महाराष्ट्रातल्या केंद्रीय कर्मचाऱ्यांचा ऑगस्टचा पगार २६ तारखेलाच देण्याचा हुकूम निघाला होता, केरळात ओणमसाठी २५ ला. त्यात डिफेन्सचाही उल्लेख होता. पण तो अॅडव्हान्स, ऑगस्टचाच पगार काही दिवस आधी. आणि तो महाराष्ट्रात काम करणाऱ्यांसाठी. गाव महाराष्ट्रात आहे एवढ्यावर अरुणाचलातल्या जवानाने त्याची वाट बघायची नसते. तसंच ते १०,००० चं. अजून लोक विचारतात, ‘जिभाऊ, ते फेस्टिवल अॅडव्हान्स सुरू झालं का?’ ते ऑक्टोबर २०२० मध्ये, कोरोनाच्या वर्षी, एकदाच दिलं होतं. बिनव्याजी, रुपे कार्डवर, दहा हप्त्यांत परतफेड, आणि ३१ मार्च २०२१ पर्यंत खर्च करायची अट. तो विषय तिथेच मिटला.

खरी रक्कम दिवाळीत नाही ताई, ती जूनमध्ये आहे. तुम्ही लिहिलंय की दोन मुलं आहेत, एक चौथीत, एक पहिलीत. बाल शिक्षण भत्त्याबद्दल तुम्ही एक अक्षर लिहिलं नाही, त्याचाच मला घोर लागला. १ जानेवारी २०२४ पासून हा भत्ता एका मुलामागे महिना २,८१२ रुपये ५० पैसे आहे. वर्षाचे ३३,७५०. दोन मुलांचे ६७,५००. शाळा जिल्हा परिषदेची असो की इंग्रजी मीडियम, फी दोनशे रुपये असो की वीस हजार, रक्कम ठरलेलीच मिळते. पावत्यांचं बाड जोडायची गरज आता राहिलेली नाही. मोठ्या दोन मुलांसाठी, नर्सरीपासून बारावीपर्यंत. शैक्षणिक वर्ष संपलं की मुख्याध्यापकांचा दाखला, मूल त्या वर्षी त्या शाळेत त्या वर्गात शिकत होतं एवढाच, आणि क्लेम युनिटातून वर्षातून एकदा पुढे जातो. सहा हजारांच्या बोनससाठी घरात तोंडं फुगवायची आणि साडेसदुसष्ट हजारांचा दाखला शाळेतून आणायचा नाही, हे मी डझनभर घरांत पाहिलंय.

मागच्या वर्षी भडगावकडची एक ताई आली होती. मुलाचं नाव शाळेत आजोबांनी घातलं यशवंत, जन्माच्या वेळी फौजेत कळवलं होतं यश. दोन वर्षं क्लेम परत. जवान म्हणतो क्लार्क काम करत नाही, क्लार्क म्हणतो कागद नीट पाठव, आणि इकडे हिला कोणी काही सांगत नाही. मी दाखला आणि जन्माचा दाखला शेजारी शेजारी ठेवले, चष्मा पुसला आणि दोन्ही नावांवर बोट ठेवलं. ती हसायलाच लागली. म्हणाली, घरात तर त्याला सगळे बंटी म्हणतात. तुम्हीही मुलांचे आधार, शाळेचा दाखला आणि मिस्टरांच्या रेकॉर्डमधली नावं एकदा जुळवून घ्या. जन्मतारीखसुद्धा.

जुलैच्या पगारात गणवेश भत्ताही येतो, वर्षातून एकदाच. सातव्या आयोगाने जवानांसाठी तो १०,००० ठरवला होता. तो वर्दी-बुटांचा असतो, त्यावर घरच्यांनी डोळा ठेवू नये. सियाचिनसारख्या ठिकाणचा भत्ता मोठा, २०१७ मध्ये तो जवानांसाठी महिना १४,००० वरून ३०,००० केला, पण तो जागेशी बांधलेला आहे. जागा सुटली की भत्ता सुटला. त्या भरवशावर ट्रॅक्टरचं कर्ज काढणारे मला माहीत आहेत.

आता सुट्टी. मला विचाराल तर फौजेत सणाचा खरा लाभ हाच, आणि सगळ्यात जास्त नासाडीही इथेच होते.

जवानाला वर्षाला ६० दिवस वार्षिक रजा आणि ३० दिवस किरकोळ रजा असते. हिशोब कॅलेंडर वर्षाचा, १ जानेवारी ते ३१ डिसेंबर. या दोन रजांचा स्वभाव अगदी वेगळा आहे. किरकोळ रजा म्हणजे केळीचा घड. वेळेत उतरवला तर ठीक, नाहीतर काळा पडला. ३१ डिसेंबरला उरलेली किरकोळ रजा संपते, पुढच्या वर्षी जात नाही आणि तिचा एक पैसा मिळत नाही. ती वार्षिक रजेला जोडून लांबवताही येत नाही. म्हणून डिसेंबरात आमच्या ऑफिससमोर रांग लागायची. लाल पेन्सिलीने रजिस्टरमध्ये ज्याच्या नावापुढे बारा, पंधरा, वीस दिवस उरलेले असत, तो माझ्याकडे असा बघायचा की जणू मीच खाल्ले.

वार्षिक रजेचं तसं नाही. कामाच्या गरजेमुळे ती घेता आली नाही तर वर्षाला जास्तीत जास्त ३० दिवस साठवता येतात, आणि रिटायर होताना एकूण ३०० दिवसांपर्यंतचे पैसे मिळतात. इथे ‘जास्तीत जास्त ३०’ हे शब्द नीट धरा. समजा मिस्टरांनी यंदा ६० पैकी २० दिवसच घेतले. उरले ४०. त्यातले ३० साठतील आणि १० दिवस असेच जातील. पूर्ण ६० घेतले तर साठा शून्य. ३० घेतले आणि ३० साठवले तर काहीच वाया जात नाही. ‘मी सुट्टी घेत नाही, पैसे साठवतोय’ असं म्हणत वर्षभर घरी न येणारा जवान निम्म्या रजेवर पाणी सोडत असतो, आणि त्याला वाटतं आपण संसाराला हातभार लावतोय. हे मिस्टरांना फोनवर सांगा. तुम्ही सांगितलेलं ऐकतील, माझं ऐकणार नाहीत.

पैशांचा हिशोब असा. मूळ वेतन, एमएसपी आणि त्यावरचा महागाई भत्ता धरायचा आणि तीसने भागायचं. वरच्याच आकड्यांत ३७,५०० अधिक ५८ टक्क्यांचे २१,७५०, एकूण ५९,२५०. एका दिवसाचे १,९७५. म्हणजे या दराने ३०० दिवसांचे ५,९२,५०० होतात. पण पैसे आजच्या दराने मिळत नाहीत, रिटायर होतानाच्या पगारावर मिळतात, म्हणजे आज साठवलेला दिवस दहा वर्षांनी जास्त किमतीला जातो. आणि रिटायरमेंटच्या वेळी मिळणारी ही रक्कम सरकारी नोकराला पूर्ण करमुक्त असते. नोकरीत असताना काही हवं असेल तर एलटीसीवर, म्हणजे सरकारी प्रवास सवलतीवर, जाताना एका वेळी १० दिवसांची रजा विकता येते, साऱ्या नोकरीत मिळून ६० दिवस. वरच्या दराने दहा दिवसांचे १९,७५०. हे साठ दिवस शेवटच्या ३०० मधून वजा होत नाहीत. नोकरीत असताना विकलेल्या रजेवर मात्र कर लागतो.

एक काळजी घ्या. साठलेली रजा आपोआप साठत नाही, ती कागदावर चढवावी लागते. माझ्याच बाबतीत झालं. एका युनिटातून दुसऱ्या युनिटात बदली झाली त्या वर्षी माझे वीस दिवस उरले होते. जुन्या जागी वाटलं नवे लोक चढवतील, नव्या जागी वाटलं जुन्यांनी चढवले असतील. मी स्वतः क्लार्क, दुसऱ्यांच्या रजा पार्ट टू ऑर्डरमध्ये टाकण्यात रात्री घालवल्या, आणि स्वतःच्या वीस दिवसांची पार्ट टू निघाली की नाही हे कधी पाहिलं नाही. रिटायरमेंटच्या कागदांत २८० दिवस आले. तेव्हा जुनं रजिस्टर कुठे मिळणार? बायको आजही आंब्याच्या दिवसांत ऐकवते.

फौजेतला प्रत्येक पैसा असा पार्ट टू ऑर्डरवर चालतो. लग्न झालं, मूल झालं, सुट्टीवर गेला, सुट्टीवरून आला, बढती मिळाली, काहीही असो. युनिटने ती पार्ट टू काढली, पे ऑफिसला पोचली, मग खात्यावर चढली. जवानाचं खातं त्याच्या रेजिमेंटच्या पे ऑफिसात असतं, तो कुठेही असला तरी. मराठा लाइट इन्फंट्रीवाल्याचं बेळगावला, महार रेजिमेंटवाल्याचं सागरला, तोफखान्यातल्याचं नाशिक रोडला. त्यामुळे अरुणाचलात ‘साहेबांना सांगितलं’ एवढ्याने स्लिप बदलत नाही. सुट्टीत घरी जेवतो त्या दिवसांचे रेशन मनीसुद्धा असेच येतात, आधी सुट्टीची पार्ट टू, मग पैसे. सुट्टीवरून परत गेल्यावर दोन-तीन महिन्यांत ते दिसले नाहीत तर विचारायला सांगा.

आता तीन दिवाळ्यांचं. हे नियमाने सुटणारं गणित नाही, पण मी वर्षानुवर्षं सुट्टीची यादी लिहिली आहे, त्यावरून एक गोष्ट सांगतो. एका वेळी ठरावीक माणसांपेक्षा जास्त सोडता येत नाहीत, आणि दिवाळी सगळ्या हिंदुस्थानची असते. बिहारी पोरगा दिवाळी-छट एकत्र मागतो, गुरखा दसैन मागतो, पंजाबी म्हणतो गुरुपूरब द्या. या गर्दीत आपला खान्देशी पोरगा सगळ्यात शेवटी हात वर करतो आणि नापास होतो. मी आमच्या पोरांना शिकवायचो, दिवाळीच्या मागे लागूच नका. आखाजी, म्हणजे अक्षय्य तृतीया, मागा. कानबाई, म्हणजे आपल्या खान्देशातला श्रावणातला देवीचा सण, मागा. वैशाखात किंवा श्रावणात त्या तारखेला दुसऱ्या कोणाचा अर्ज नसतो, सुट्टी लगेच लागते.

अर्थात साहेबांना समजावावं लागतं. आमचे एक कंपनी कमांडर केरळचे, त्यांनी अर्ज हातात घेऊन विचारलं, ‘ये आखाजी क्या है?’ मी म्हणालो, ‘साहब, हमारी बहनें उस दिन मायके आती हैं, झूला बांधते हैं, आम का रस और खापर की पुरनपोली बनती है.’ साहेबांनी विचारलं, ‘खापर?’ मग मी हातातलं काम टाकून हातांनी उलट्या मडक्याचा आकार करून दाखवला आणि त्यावर हातभर मांडा कसा पसरतात ते सांगितलं. सही झाली. कानबाईला तर आणखी पक्कं कारण असतं; रोट भाऊबंदकीतल्या सगळ्यांनी मिळून खायचे असतात, एक भाऊ कमी म्हणजे बहिणीच्या डोळ्यांत पाणी. अर्जात ‘घरेलू काम’ असं मोघम लिहिण्यापेक्षा हे लिहिलेलं बरं. आणि वर्षाच्या सुरुवातीला, जानेवारी-फेब्रुवारीतच, युनिटात सुट्टीचं नियोजन होतं; तेव्हाच नाव द्यायला सांगा.

खोटं कारण मात्र नको. पूर्वी तार यायची, ‘मदर सिरियस कम सून’. एका पोराची आई एका वर्षात तीनदा सिरियस झाली आणि चौथ्यांदा खरंच आजारी पडली तेव्हा साहेबांनी तार बाजूला ठेवली. तारखातं १५ जुलै २०१३ पासून बंद झालं, आता व्हॉट्सअॅपवर दवाखान्याचे फोटो जातात, पण खातरजमा करायला फोन येतोच. खरी अडचण असेल तर जळगाव किंवा धुळ्याच्या जिल्हा सैनिक कल्याण कार्यालयात कागद घेऊन जा. तिथून गेलेल्या पत्राला युनिटात वजन असतं.

दिराचं थोडक्यात सांगतो. अग्निवीराचा हिशोब नियमित जवानाच्या मापाने मोजू नका. त्याला वर्षाला ३० दिवस वार्षिक रजा. पहिल्या वर्षी पगार महिना ३०,०००, त्यातले ९,००० सेवा निधीत जातात, हातात २१,०००. सरकार तेवढेच ९,००० आपल्याकडून टाकतं. चौथ्या वर्षी पगार ४०,०००, हातात २८,०००. महागाई भत्ता नाही, एमएसपी नाही. म्हणजे टीव्हीवर दिवाळी भेटीचा मथळा आला की तुमच्या मिस्टरांच्या पगारात फरक पडेल, त्याच्या नाही. आई त्या दिवशी दोघांनाही फोन करून ‘वाढले का रे?’ विचारते, आणि धाकटा काहीतरी बोलून फोन ठेवतो. सासूबाईंना हे आधी सांगून ठेवलेलं बरं. चार वर्षांनी सेवा निधीचे व्याजासह सुमारे ११.७१ लाख मिळतात, ते करमुक्त. ज्यांना पुढे कायम करून घेतात त्यांना फक्त स्वतःचा हिस्सा व्याजासह मिळतो, कारण पुढची नोकरी पेन्शनची असते. ते पैसे यायच्या आधीच त्यावर प्लॉट बघणं सुरू झालं असेल तर थांबवा.

आता तुम्ही करायचं ते एवढंच. मिस्टरांच्या फोनवर हमराज अॅप असेल. त्यातून मागच्या बारा महिन्यांच्या स्लिपा मागवून घ्या, नुसता बँकेचा मेसेज नको. ऑक्टोबर-नोव्हेंबरच्या स्लिपवर बोनस आणि महागाई भत्त्याचा फरक, जुलैच्या स्लिपवर गणवेश भत्ता, आणि बाल शिक्षण भत्ता शेवटचा कधी आला ते बघा. तो दोन वर्षांत दिसला नाही तर आजच शाळेत जा. दाखल्यावर वर्ष, वर्ग आणि मुख्याध्यापकांचा शिक्का नीट उमटलाय की नाही बघून मगच फोटो काढा, कारण अर्धा शिक्का तिकडे चालत नाही आणि मूळ कागद पोस्टाने पोचायला अरुणाचलात पंधरा दिवस लागतात. सासऱ्यांना स्लिपवरची एमएसपीची ओळ दाखवा, आणि डबल पगाराचा विषय पुन्हा निघाला तर त्यांना माझ्याकडे घेऊन या. सोबत तो वरणगाववालाही आला तरी चालेल.